लँड डेस्कटॉपचं जुनं काम अंगावर आलं तर

नोकरीचा पहिला आठवडा. ठाण्यातलं एखादं जुनं सिव्हिल कन्सल्टंटचं ऑफिस, नौपाड्यातल्या दुसऱ्या मजल्यावरचं, जिथे कपाटावर अजून ट्रेसिंगच्या गुंडाळ्या धूळ खात पडल्यात. साहेब एक पेनड्राइव्ह टेबलावर टाकतात. "घोडबंदर रोडचं जुनं काम आहे. कंटूर जरा सुधारून दे, दुपारी मीटिंग आहे."

तुम्ही ड्रॉइंग उघडता. प्रॉक्सी-बिक्सी असं काहीतरी लिहिलेली चौकट येते, तुम्ही ओके दाबता, कंटूर, म्हणजे सारख्या उंचीच्या जागा जोडणाऱ्या रेषा, दिसतात. हायसं वाटतं. मग एका कंटूरवर क्लिक करून तो सरकवायला जाता, तर तो ढिम्म हलत नाही. पॉइंटची लेव्हल (उंची) बदलावी म्हटलं, तर तो पॉइंट साध्या ऑटोकॅडच्या ओळखीचाच नाही. सगळं दिसतंय, पण कशालाच हात लावता येत नाही.

इथे बहुतेक नवीन मुलं एक्सप्लोड मारतात, म्हणजे वस्तू साध्या रेघांत फोडून टाकतात. मारू नका. लँड डेस्कटॉप नावाच्या जुन्या सॉफ्टवेअरमधली अशी कामं कशी हाताळायची, हा लेख त्यासाठीच लिहिलाय.

मी १९९९ साली या धंद्यात आलो तेव्हा आमच्याकडे रोट्रिंगच्या पेनांचा शेवटचा डबा संपत आला होता आणि पहिला कॉम्प्युटर नुकताच बसला होता. तेव्हाच्या कामांचे वंशज आजही ठाणे, बेलापूर, पनवेलच्या ऑफिसांत भेटतात. जमिनीची कामं लवकर मरत नाहीत. वीस वर्षांपूर्वी मंजूर झालेल्या लेआउटचा उरलेला तुकडा आज डेव्हलपमेंटला येतो, शेजारच्याशी हद्दीचा वाद निघतो, नाल्याची रुंदी पुन्हा मोजायला लागते, आणि जुनं ड्रॉइंग शोधायची धावपळ सुरू होते.

थोडा इतिहास, कारण फाइलींची नावं त्यातूनच कळतात. ऑटोकॅड आलं डिसेंबर १९८२ मध्ये. (योगायोग म्हणजे ठाणे महानगरपालिकाही त्याच वर्षीच्या १ ऑक्टोबरची.) ते निव्वळ रेघा मारायचं साधन. जमीन, रस्ते, लेव्हल यांसाठी त्यावर बसणारं वेगळं सॉफ्टवेअर अमेरिकेतल्या न्यू हॅम्पशायरमधली डीसीए नावाची कंपनी करायची, पुढे तिचंच नाव सॉफ्टडेस्क झालं. १९९७ मध्ये ऑटोडेस्कने सॉफ्टडेस्क विकत घेतली आणि त्यातून लँड डेव्हलपमेंट डेस्कटॉप निघालं, म्हणजे आपलं लँड डेस्कटॉप. त्याच्या जोडीला सर्व्हे आणि सिव्हिल डिझाइन असे दोन भाग वेगळे मिळत. नंतर सिव्हिल थ्रीडी आलं आणि लँड डेस्कटॉपची २००९ ही शेवटची आवृत्ती ठरली.

आता कामाला लागू.

पहिली पायरी: ड्रॉइंग बाजूला ठेवा, फोल्डर मागा

लँड डेस्कटॉपमध्ये ड्रॉइंग हे फक्त चित्र. खरा माल ड्रॉइंगच्या बाहेर, प्रोजेक्टच्या फोल्डरमध्ये असतो. ही एक गोष्ट डोक्यात बसली की अर्धं काम झालं. आजच्या सिव्हिल थ्रीडीत सरफेस, म्हणजे जमिनीच्या उंचसखलपणाचं मॉडेल, ड्रॉइंगच्या पोटातच असतो, म्हणून नव्या मुलांना हे पटकन लक्षात येत नाही. त्यांना वाटतं, डीडब्ल्यूजी (ड्रॉइंगची फाइल) मिळाली म्हणजे सगळं मिळालं.

प्रोजेक्टचं फोल्डर उघडलंत तर आत साधारण अशी घरं दिसतील. कोगो नावाच्या फोल्डरमध्ये पॉइंट्स डॉट एमडीबी, म्हणजे सर्व्हेचे सगळे पॉइंट, नंबर आणि लेव्हलसकट, अ‍ॅक्सेसच्या डेटाबेसमध्ये. डीटीएम नावाच्या फोल्डरमध्ये प्रत्येक सरफेसचं स्वतःचं उपफोल्डर: मूळ जमीन एकात, प्रस्तावित दुसऱ्यात. अलाइन फोल्डरमध्ये रस्त्यांच्या मध्यरेषा आणि प्रोफाइल (त्यांचा चढउतार). सर्व्हेचं वेगळं. आणि डीडब्ल्यूजी नावाच्या फोल्डरमध्ये ड्रॉइंग, तीही असली तर असली. पुष्कळ ऑफिसांत ड्रॉइंग क्लायंटच्या नावाच्या भलत्याच फोल्डरात ठेवत.

म्हणून साहेबांना विचारायचा प्रश्न "ड्रॉइंग कुठे आहे" असा नाही. विचारायचं, "साहेब, याचं प्रोजेक्ट फोल्डर कुठल्या मशीनवर होतं?" उत्तर बहुधा मिळतं की ते मशीन भंगारात गेलं. तरीही शोधा. जुन्या सीड्या बघा, माळ्यावरची हार्ड डिस्क बघा, निवृत्त झालेल्या ड्राफ्ट्समन काकांना फोन करा. त्या काकांकडे पुष्कळदा घरी एक बॅकअप असतो आणि विचारलं की ते मनापासून देतात. फक्त रात्री आठनंतर फोन करू नका.

मी हा धडा फुकट शिकलो नाही. मी पूर्वी ज्या ऑफिसात होतो तिथे एक मोठं काम संपल्यावर "जागा अडते" म्हणून प्रोजेक्ट फोल्डर उडवलं आणि डीडब्ल्यूजी तेवढ्या सीडीवर उतरवल्या. उडवणारा मीच. चार वर्षांनी त्याच जमिनीचा दुसरा टप्पा आला. कंटूरची चित्रं होती, पॉइंट एकही नव्हता. क्लायंटला पुन्हा सर्व्हे करायला सांगताना साहेबांनी माझ्याकडे ज्या नजरेने पाहिलं, ती अजून आठवते.

फोल्डर मिळालं की आधी पूर्ण कॉपी करा आणि मूळ प्रत रीड-ओन्ली करून टाका. पुढचं सगळं कॉपीवर. कॉपी सी किंवा डी ड्राइव्हवर अगदी वरच्या पातळीला, छोट्या नावाने ठेवा. डेस्कटॉपवरच्या "नवीन फोल्डर ३ फायनल" मध्ये ठेवाल तर जुन्या सॉफ्टवेअरला लांबलचक पाथ झेपत नाही.

दुसरी पायरी: फाइलचं वय काढा

हे कुणी शिकवत नाही, पण एका मिनिटाचं काम आहे. डीडब्ल्यूजी फाइलची कॉपी नोटपॅडमध्ये उघडा. खिचडी दिसेल, घाबरू नका. पहिली सहा अक्षरं तेवढी वाचा: इंग्रजीत ए, सी आणि पुढे चार आकडे.

१०१४ असेल तर ड्रॉइंग रिलीज १४ चं. १०१५ म्हणजे २००० ते २००२ च्या आवृत्त्या. १०१८ म्हणजे २००४ ते २००६. १०२१ म्हणजे २००७ ते २००९. त्याच्यापुढे १०२४, १०२७, १०३२ दिसलं तर कुणीतरी ती फाइल नंतरच्या ऑटोकॅडमध्ये उघडून सेव्ह केलीय. मग सावध व्हा, कारण त्या कुणीतरी आधीच एक्सप्लोड मारलेलं असण्याची शक्यता मोठी. नोटपॅड सेव्ह न करता बंद करा, हे सांगायला नको. तरी सांगतो.

तिसरी पायरी: उघडणं

ऑफिसात लँड डेस्कटॉपचा अधिकृत परवाना असलेलं जुनं मशीन चालू स्थितीत असेल तर देव पावला. ते फॉरमॅट करू देऊ नका, आयटीवाला कितीही मागे लागला तरी. नसेल तर सिव्हिल थ्रीडी असलेल्या मशीनवर उघडा. पायरेटेड कॉपी आणून बसवायचा सल्ला कोपऱ्यावरचा सायबरवाला देईल, त्याच्या नादी लागू नका. क्लायंटच्या जमिनीचा डेटा आणि व्हायरस एकाच मशीनवर नकोत.

फाइल सरळ डबलक्लिक करू नका. रिकामं ड्रॉइंग उघडून रिकव्हर कमांडने उघडा. मग ऑडिट, म्हणजे चुकांची तपासणी, दुरुस्तीला हो म्हणून. त्यानंतर पर्ज, म्हणजे न वापरलेल्या गोष्टी काढून टाकणं, पण पर्ज मारण्याआधी वेगळ्या नावाने सेव्ह करा.

ती सुरुवातीची प्रॉक्सीची चौकट आली तर तिचा अर्थ एवढाच की ड्रॉइंगमध्ये काही वस्तू अशा आहेत ज्यांना समजणारं सॉफ्टवेअर या मशीनवर नाही. लँड डेस्कटॉपचे पॉइंट आणि कंटूर अशाच वस्तू आहेत. साध्या ऑटोकॅडला त्यांचा फोटो दिसतो, माणूस भेटत नाही. एक्सप्लोड केलंत की कंटूरची साधी जोडरेघ (पॉलीलाइन) होते, पॉइंटचा नुसता ब्लॉक किंवा मजकूर उरतो, आणि कोगोतल्या डेटाशी असलेलं नातं तुटतं. कंटूर निव्वळ नकाशाखाली दाखवायचे असतील तर चालेल. पण ज्या ड्रॉइंगवरून मापं काढायचीत, तिथे नाही.

फॉन्टचं एक. टायटल ब्लॉकमध्ये "मौजे", "तालुका", "गट क्रमांक" असं मराठीत लिहिलेलं असेल आणि तुमच्याकडे चित्रविचित्र इंग्रजी अक्षरं दिसत असतील, तर ड्रॉइंग खराब झालेलं नाही. त्या काळी मराठीसाठी युनिकोड फारसा वापरात नव्हता, श्रीलिपी किंवा शिवाजी फॉन्टमध्ये मजकूर असायचा. तो फॉन्ट मशीनवर टाकला की अक्षरं जागेवर येतात. कृपा करून ती अक्षरं "जंक" समजून डिलीट करू नका. त्यात कधीकधी हिस्सा नंबर असतो आणि तो दुसरीकडे कुठेच नसतो.

चौथी पायरी: मीटर की फूट

इथे थांबून चहा घ्या आणि मग पुढे वाचा, कारण सगळ्यात जास्त वाट इथेच लागते.

लँड डेस्कटॉपमध्ये नवीन प्रोजेक्ट करताना एक प्रोटोटाइप, म्हणजे तयार सेटिंगचा साचा, निवडावा लागे. यादीत फुटांचा आणि मीटरचा असे दोन तयार प्रोटोटाइप असायचे. सॉफ्टवेअर अमेरिकेचं. घाईत माणूस पहिला दिसेल तो उचलायचा. आमच्याकडे एका मुलाने खारघरच्या एका प्लॉटसाठी फुटांचा उचलला. सर्व्हेअरने दिलेले पॉइंट मीटरमध्ये, प्रोजेक्ट समजतोय फूट. कंटूर बरोबर आले, क्षेत्रफळाचा आकडा बरोबर आला, कुणालाच शंका आली नाही. मग भरावाचा आकडा काढला: ३००.

हा कागद घेऊन आमचे साइट सुपरवायझर पाटीलकाका माझ्या टेबलापाशी आले. त्यांना कॉम्प्युटरमधलं काही कळत नाही असं ते स्वतःच सांगत. म्हणाले, "दीड एकराचा प्लॉट, रस्त्यापासून माणूसभर खाली. तीनशेमध्ये कोपरासुद्धा भरायचा नाही."

घोळ असा होता. फुटांच्या प्रोजेक्टमध्ये सॉफ्टवेअर घनफळ घनफुटात मोजतं आणि रिपोर्टमध्ये घनयार्डात देतं. एका घनयार्डात २७ घनफूट. म्हणून ते आपल्या घनमीटरना घनफूट समजून २७ ने भागत होतं. खरा आकडा ३०० गुणिले २७, म्हणजे ८,१०० घनमीटर. ब्रासमध्ये सांगायचं तर २,८६० च्या आसपास, कारण एक ब्रास म्हणजे १०० घनफूट, सुमारे २.८३ घनमीटर. मुरमाची ऑर्डर, डंपरच्या खेपा, रॉयल्टी सगळं ब्रासवर चालतं. ३०० चा कागद ठेकेदाराकडे गेला असता तर काय झालं असतं ते तुम्हीच ठरवा.

तेव्हापासून माझा नियम: घनफळ आलं की पाटीलकाकांचा हिशोब लावायचा. दीड एकर म्हणजे सुमारे ६,००० चौरस मीटर. सरासरी भराव किती? ऑटो लेव्हल (उंची मोजायचं यंत्र) लावून पाहिला तर सव्वा-दीड मीटर. ६,००० गुणिले १.३५ म्हणजे ८,१००. कॅल्क्युलेटरचं तीस सेकंदांचं काम. सॉफ्टवेअरचा आकडा याच्या आसपास नसेल तर सॉफ्टवेअर चुकत नाहीये, तुमची सेटिंग चुकतेय.

तपासायचं कसं? ड्रॉइंग सेटअपमध्ये एकक बघा. शिवाय ज्याचं माप प्रत्यक्षात माहीत आहे अशी एखादी वस्तू डिस्ट कमांडने मोजा: डीपी (विकास आराखड्यातल्या) रोडची रुंदी, मॅनहोलचं झाकण, कंपाउंडचं गेट. १८ मीटरचा रस्ता १८ आला तर मीटर, ५९ आला तर फूट, १८,००० आला तर आर्किटेक्टकडून आलेलं मिलिमीटरचं ड्रॉइंग कुणीतरी चिकटवलंय. आर्किटेक्ट मिलिमीटरमध्ये काढतात, आपण मीटरमध्ये. एक्सरेफ, म्हणजे दुसऱ्याचं ड्रॉइंग, जोडताना हा संसार नेहमी मोडतो.

याच पायरीत गुंठ्याचं सांगून टाकतो. सातबाऱ्यावर क्षेत्र हेक्टर-आर-चौरस मीटरमध्ये असतं. एक आर म्हणजे १०० चौरस मीटर. गुंठा म्हणजे ३३ फूट बाय ३३ फूट, १,०८९ चौरस फूट, १०१.१७ चौरस मीटर. बोलताना सगळे आरला गुंठाच म्हणतात. जमीनमालक म्हणतो चाळीस गुंठे, सातबाऱ्यात ०.४० हेक्टर, म्हणजे ४,००० चौरस मीटर. पण खरे चाळीस गुंठे म्हणजे एक एकर, ४,०४६.८६ चौरस मीटर. जुन्या ड्रॉइंगवर कोपऱ्यात कुणीतरी हाताने "४० गुं." लिहिलेलं सापडतं तेव्हा कुठला गुंठा ते विचारा. विकास नियंत्रण नियमावलीत (२ डिसेंबर २०२० ला मंजूर झालेली एकत्रित नियमावली ठाणे आणि नवी मुंबई दोन्हींना लागू आहे) ०.४ हेक्टर आणि त्यावरच्या जमिनीला दहा टक्के मोकळी जागा सोडावी लागते. म्हणजे हे सत्तेचाळीस चौरस मीटर नुसते हिशोबाचे नाहीत.

पाचवी पायरी: जागेवर आहे का?

पॉइंट्सच्या आकड्यांवर नजर टाका. जुनी कामं बहुधा लोकल कोऑर्डिनेटवर असत: सर्व्हेअर पहिल्या स्टेशनला १०००, १००० किंवा ५०००, ५००० धरून सुरुवात करी आणि उत्तर दिशा होकायंत्राने अंदाजे घेई. नंतरची कामं जीपीएस आल्यावर यूटीएमवर, म्हणजे जगभर ठरलेल्या नकाशाच्या जाळीवर, येऊ लागली. आपला भाग यूटीएमच्या ४३ उत्तर झोनमध्ये येतो. ठाणे-नवी मुंबईत ईस्टिंग (पूर्वेकडे मोजलेलं अंतर) सहा आकडी, २ लाख ८०-९० हजारांच्या घरात, आणि नॉर्दिंग (उत्तरेकडे मोजलेलं) सात आकडी, २१ लाखांच्या पुढे असायला हवं. हे दोन आकडे पाठच करून ठेवा.

पाठ का? कारण टेक्स्ट फाइलमधून पॉइंट आणताना क्रम विचारला जातो: आधी नॉर्दिंग की आधी ईस्टिंग. उलटं निवडलं तर सॉफ्टवेअर तक्रार करत नाही, मुकाट्याने आरशातलं चित्र काढतं. यूटीएमवर असाल तर आकड्यांवरूनच कळतं. लोकल कोऑर्डिनेटवर दोन्ही आकडे सारखेच दिसतात, तिथे भूगोल वापरा. ऐरोलीच्या साइटवर खाडी पश्चिमेला असते. ड्रॉइंगमध्ये ती दक्षिणेला दिसतेय? क्रम उलटा झालाय.

लोकल काम यूटीएमवर न्यायचं असेल तर अजून जागेवर असलेल्या निदान तीन खुणा शोधा: जुना हद्दीचा दगड, विहिरीचा काठ, देवळाच्या ओट्याचा कोपरा. अलाइन कमांडने फिरवा, पण स्केल करायला विचारलं तर नाही म्हणा. आणि फिरवायचं ते कॉपीतलं ड्रॉइंग. कोगोतले पॉइंट त्याने फिरत नाहीत, हे विसरलात की एकाच प्रोजेक्टमध्ये दोन उत्तर दिशा होतात.

स्केलला नाही का म्हणायचं तेही ऐका. यूटीएम ही सपाट कागदावरची जाळी; तिच्यावरचं अंतर आणि टेपने मोजलेलं अंतर तंतोतंत एक नसतं. झोनची मध्यरेषा ७५ अंश रेखांशावर, आपण ७३ च्या आसपास, म्हणजे मध्यरेषेपासून दोनशे-सव्वादोनशे किलोमीटर पश्चिमेला. इथे जाळीवरचं अंतर जमिनीवरच्यापेक्षा किलोमीटरमागे सुमारे १६ सेंटिमीटर जास्त येतं. रस्त्याच्या कामात हे लागतं, प्लॉटमध्ये फारसं नाही. पण मघाची ४,००० ची रेघ आठवा: टेपने ३,९९९ चौरस मीटर भरणारा प्लॉट यूटीएमवर ४,००० च्या किंचित वर दिसतो. कुठलं क्षेत्रफळ सादर करताय ते ड्रॉइंगवर लिहा, मोजणीच्या नकाशाशी ताडून बघा, मग साहेबांची सही घ्या.

सहावी पायरी: लेव्हल कशावरून?

ठाण्यातल्या येऊरच्या पायथ्याच्या साइटवर दहा-पंधरा मीटरचा उतार असतो, तिथे अर्धा मीटर इकडेतिकडे झाला तर रिटेनिंग वॉलची उंची बदलते इतकंच. नवी मुंबईत तसं नाही. तिथला मोठा भाग खाजणाचा, भरतीच्या पाण्याखाली जाणारा. म्हणूनच तिथे धारण तलाव आहेत: भरतीला दारं मिटतात, पावसाचं पाणी तलावात थांबतं, ओहोटीला बाहेर जातं. अशा जमिनीवर अर्धा मीटर म्हणजे घरात पाणी की घराबाहेर पाणी.

जुन्या ड्रॉइंगवर नुसतं "आरएल ५.२०" लिहिलेलं असतं. आरएल म्हणजे ठरलेल्या शून्यापासूनची उंची, पण शून्य कुठलं? सर्व्हे ऑफ इंडियाच्या जीटीएस बेंचमार्कवरून (पक्क्या उंचीच्या सरकारी खुणेवरून) आलेली लेव्हल सरासरी समुद्रसपाटीपासून असते. बंदराशी, खाडीशी संबंधित कामांत चार्ट डेटम, म्हणजे सागरी नकाशांचं शून्य, वापरतात, आणि मुंबईत सरासरी समुद्रसपाटी चार्ट डेटमच्या सुमारे अडीच मीटर वर आहे. मुंबई महापालिकेच्या जुन्या कामांत टाउन हॉल डेटम भेटेल, तो आणखी वेगळा. आणि सगळ्यात जास्त भेटतं ते काहीच नाही: सर्व्हेअरने गेटजवळच्या पायरीला १००.०० धरलेलं.

म्हणून ड्रॉइंगमध्ये टीबीएमची, म्हणजे लेव्हल जिथून घेतल्या त्या तात्पुरत्या खुणेची, नोंद शोधा. टेक्स्टमध्ये नसेल तर पॉइंट्सच्या डेटाबेसमध्ये वर्णनाच्या रकान्यात बघा. सर्व्हेअर तिथे "टीबीएम", "बीएम", "प्लिंथ" असं काहीतरी टाकून जातो. कुठेच सापडलं नाही तर तीन ठिकाणी जाऊन लेव्हल घ्या आणि फरक सगळीकडे सारखा येतो का पाहा. सारखा आला तर तेवढा जमा-वजा करायचा. वेगवेगळा आला तर दरम्यान भराव पडलाय किंवा खचलाय, मग नवीन सर्व्हेला पर्याय नाही.

सातवी पायरी: त्रिकोण बघा

कंटूर कधीच आधी बघू नका, आधी त्रिकोण बघा. सरफेस म्हणजे पॉइंटना जोडणाऱ्या त्रिकोणांचं जाळं, आणि सॉफ्टवेअरला नाला, बांध, रस्त्याची कड काही कळत नाही. तुम्ही ब्रेकलाइन, म्हणजे त्रिकोणांनी ओलांडू नये अशी रेघ, दिली नसेल तर ते नाल्याच्या या काठावरून त्या काठावर थेट त्रिकोण टाकतं आणि नाला बुजवून टाकतं. प्लॉटचा आकार आत घुसलेला असेल तर बाहेरून बाहेर लांबडे त्रिकोण जातात. शून्य लेव्हलचा एखादा पॉइंट चुकून शिरला असेल तर सपाट मैदानात विहीर दिसते. ही तीन दुखणी नव्वद टक्के वेळा असतात. हद्दीची बाउंड्री द्या, नाल्याच्या काठांना आणि तळाला ब्रेकलाइन द्या, शून्यवाले पॉइंट गाळा, सरफेस पुन्हा बांधा.

आठवी पायरी: नव्या घरात हलवणं

साधा रस्ता लँड एक्सएमएलचा, म्हणजे वेगवेगळ्या सॉफ्टवेअरना वाचता येणाऱ्या फाइलचा. जुन्या मशीनवर लँड डेस्कटॉप चालत असेल तर सरफेस आणि अलाइनमेंट (मध्यरेषा) लँड एक्सएमएलमध्ये बाहेर काढा, पॉइंट साध्या स्वल्पविरामाच्या टेक्स्ट फाइलमध्ये. सिव्हिल थ्रीडीत दोन्ही आणा. सॉफ्टवेअर नसेल पण फोल्डर असेल, तर सिव्हिल थ्रीडीत लँड डेस्कटॉपच्या प्रोजेक्टमधून डेटा आयात करायची सोय आहे, ती थेट फोल्डरच मागते. पॉइंट्स डॉट एमडीबी अ‍ॅक्सेसमध्ये उघडून तक्ता बाहेर काढता येतो, हे तर कुणालाही जमेल. क्रॉस-सेक्शनचे जुने टेम्पलेट मात्र येत नाहीत, कॉरिडॉर (रस्त्याचं मॉडेल) नव्याने बांधावा लागतो. त्यावर डोकं आपटू नका.

हलवून झाल्यावर जुन्या आणि नव्या सरफेसचे चार आकडे समोरासमोर ठेवा: पॉइंटची संख्या, सर्वांत खालची लेव्हल, सर्वांत वरची लेव्हल, क्षेत्रफळ. मग साइटवर कुठलेही पाच पॉइंट बोटाने निवडा आणि दोन्हीकडे लेव्हल बघा. जुळलं तर पुढे जा.

शेवटी फोल्डरमध्ये एक साधी टेक्स्ट फाइल टाका, "आधी हे वाचा" नावाची. मी टाकतो ती अशी असते:

एकक मीटर. मूळ प्रोजेक्ट फुटांच्या प्रोटोटाइपवर होतं, नवीन करून पॉइंट पुन्हा आणले.
कोऑर्डिनेट लोकल, पहिलं स्टेशन ५०००, ५०००. देवळाचा ओटा, विहीर, पूर्वेचा दगड या तीन खुणांवरून यूटीएम ४३ उत्तरवर फिरवलं, स्केल केलेलं नाही.
लेव्हल गेटजवळच्या पायरीला १००.०० धरून. जीटीएसशी जोडलेली नाही.
नाल्याला ब्रेकलाइन दिली आहे. दक्षिणेचा कोपरा सर्व्हेत नाही, तिथले कंटूर अंदाजाचे, त्यावर घनफळ काढू नये.
मूळ सीडी साहेबांच्या कपाटात, दुसरा खण, निळी फाइल.